खाद्यसंस्कृती जपायची तर आचाऱ्याला पगार द्या

तुर्भ्याला २०२० च्या डिसेंबरात आयकिया हे स्वीडिश फर्निचरचं दुकान उघडलं आणि कपाटं-खुर्च्या बघायला गेलेल्या बऱ्याच मराठी घरांची स्वीडिश जेवणाशी पहिली गाठ तिथल्या उपाहारगृहात पडली. कोंबडीच्या खिम्याचे किंवा भाज्यांचे गोळे, बटाट्याचा मऊ लगदा, वर पातळ सॉस, कडेला लिंगनबेरीचा आंबटगोड जाम. मूळ स्वीडनमध्ये हे गोळे बहुधा गाय आणि डुक्कर यांच्या मिश्र खिम्याचे असतात, पण पदार्थाचं कूळ तेच. या जेवणाला तिकडे हुसमान्सकॉस्ट म्हणतात. म्हणजे घरात रोज शिजणारं, साध्या माणसाच्या पानातलं जेवण. स्वीडन आज ते स्वतःची ओळख म्हणून जगभर मिरवतो. शंभर वर्षांपूर्वी मात्र स्टॉकहोमच्या वजनदार हॉटेलात ते कोणी मागवलं असतं तर वेटरच्या भुवया उंचावल्या असत्या. तिथे चालायचं ते फ्रेंच जेवण, तेही फ्रेंच नावांनिशी.

हे उलटंपालटं आपोआप झालं नाही. त्यामागे अनेक हात आहेत, आणि त्यांत सर्वांत मोठा हात तूरे व्रेटमान यांचा. जन्म १९१६, मृत्यू २००३. मधल्या काळात त्यांनी स्टॉकहोममधली रिश, तेआतेरग्रिलेन आणि ऑपेराशेलारेन ही मातबर रेस्टॉरंटं चालवली. स्वीडनमध्ये त्यांची आठवण निघते ती बहुतेक वेळा 'टोस्ट स्कागेनचे (मेयोनेजमध्ये कालवलेली कोळंबी ठेवलेल्या टोस्टचे) जनक' म्हणून. ही आठवण अपुरी आहे आणि थोडी दिशाभूल करणारीही. त्यांचं खरं काम एखादा पदार्थ शोधण्याचं नव्हतं. घरच्या जेवणाला त्यांनी धंद्याची शिस्त लावली, म्हणजे क्रम, माप, भाव आणि ते रोज त्याच प्रतीचं करणारा पगारी माणूस. खाद्यसंस्कृती जपण्यासाठी महोत्सव, मानांकनं आणि सरकारी मोहिमा यांवर भिस्त ठेवणाऱ्या सगळ्यांनी हे काम नीट बघावं असं आहे, कारण नेमकी हीच बाजू त्यांच्या हिशेबातून सुटते.

आधी परिस्थिती काय होती ते बघू, कारण तिच्याशिवाय व्रेटमान समजत नाहीत. स्वीडिश राज्यकर्ते रेस्टॉरंटकडे जेवायची जागा म्हणून बघतच नव्हते. त्यांच्या लेखी तो दारूचा प्रश्न होता. गोथेनबर्ग शहराने १८६५ मध्ये दारूविक्रीचे परवाने अशा कंपनीकडे दिले जिला नफा खिशात घालता येणार नव्हता. हीच पद्धत पुढे देशभर पसरली. पहिल्या महायुद्धाच्या काळात इव्हान ब्राट या डॉक्टरांच्या नावाने ओळखली जाणारी रेशनिंगची व्यवस्था आली. प्रत्येकाचं दारूचं पुस्तक, त्यात खरेदीची नोंद, आणि कोणाला किती मिळणार हे त्याचं वय, लिंग, उत्पन्न, चालचलन बघून ठरणार. रेस्टॉरंटात या पुस्तकाची गरज नव्हती, पण तिथे दुसरी अट होती: जेवण मागवल्याशिवाय ब्रेनविन ही कडक दारू मिळणार नाही, आणि मिळालं तरी मोजूनच. बायकांना पुरुषांपेक्षा कमी.

हेतू वाईट नव्हता. परिणाम मात्र स्वयंपाकघराला भोवला. दारूसाठी जेवण सक्तीचं केलं की गिऱ्हाईक सर्वांत स्वस्त ताटली मागवतं, ती बाजूला सरकवतं आणि पितं. मालकाच्याही लक्षात येतं की ही ताटली कोणी खाणार नाही, मग तिच्यावर खर्च कशाला? कोणी न खाल्लेला पाव पुढच्या टेबलावर जायचा. ज्या अन्नावर कोणाचा धंदाच अवलंबून नाही ते अन्न बिघडतं, हा स्वयंपाकघराचा साधा हिशेब आहे, त्यात स्वीडिश असं काही नाही. दारूची पुस्तकं बंद झाली १ ऑक्टोबर १९५५ रोजी. व्रेटमान यांनी ऑपेराशेलारेन हातात घेतलं तेही १९५५ मध्येच. हा निव्वळ योगायोग मानला तरी पुढचं त्यांचं सगळं काम त्या मोकळ्या झालेल्या हवेत झालं, हे विसरून चालत नाही. त्यांच्या गुणगानात हा मुद्दा सहसा येत नाही. कायद्याने एक हात सोडला म्हणून त्यांना तो हात वापरता आला.

त्यांची तयारी मात्र त्याआधीची. किशोरवयात स्टॉकहोमच्या हॉटेलात पडेल ते काम करणारा पोऱ्या म्हणून सुरुवात, मग वाढप्याचं काम, मग पॅरिसला माक्सिम्ससारख्या ठिकाणी उमेदवारी. चाळीसच्या दशकात बिर्येर यार्ल्सगातानवरचं रिश त्यांच्याकडे आलं. हे रेस्टॉरंट १८९३ पासूनचं, नावही पॅरिसच्या काफे रिशवरून घेतलेलं. म्हणजे फ्रेंच पद्धत त्यांनी आतून शिकून घेतली होती. हे महत्त्वाचं आहे, कारण घरच्या जेवणाचा कैवार घेणारे बरेच लोक व्यावसायिक पद्धतीला शत्रू मानतात. व्रेटमान यांनी तीच पद्धत घरच्या पदार्थांना लावली.

याचं सर्वांत स्वच्छ उदाहरण म्हणजे स्मॉर्गसबोर्ड. मुळात हे जेवणाआधी उभ्याउभ्या खायचं टेबल होतं: पाव, लोणी, चीज, हेरिंग मासा आणि ब्रेनविन. हळूहळू ते फुगत गेलं. १९३९ च्या न्यूयॉर्कच्या जागतिक प्रदर्शनात स्वीडनच्या रेस्टॉरंटात फिरत्या टेबलावर ते मांडलं गेलं आणि अमेरिकेत त्याचा बोलबाला झाला. गंमत अशी की त्याच सुमाराला युद्ध लागलं, मायदेशात अन्नाचं रेशनिंग आलं आणि तिथलं टेबल आक्रसत गेलं. रेस्टॉरंटात त्याची आठवण म्हणून एक छोटी बशी उरली: लोणी, चीज, हेरिंग. परदेशात नाव झालं तेव्हा घरी पदार्थ मरायला टेकला होता. कीर्ती आणि तब्येत यांचा एकमेकांशी संबंध नसतो, हे इथे चांगलं दिसतं.

नूतनीकरणानंतर ऑपेराशेलारेन १९६१ मध्ये पुन्हा उघडलं. वर्नर फोगेली या मूळच्या स्विस बल्लवाचं नाव पुढे या स्वयंपाकघराशी कायमचं जोडलं गेलं. तिथे व्रेटमान यांनी स्मॉर्गसबोर्ड परत आणलं, पण ढीग लावण्यासाठी नव्हे. त्यांनी फेऱ्यांचा क्रम पक्का केला, आणि प्रत्येक फेरीला नवी ताटली. पहिल्या फेरीत हेरिंगचे निरनिराळे प्रकार, उकडलेला बटाटा, कडक राईची भाकरी, जुनं चीज. दुसऱ्या फेरीत बाकीचे थंड मासे: मिठात-साखरेत मुरवलेला साल्मन, धूर दिलेला साल्मन, ईल. तिसरीत थंड मांस, अंडी, कोशिंबिरी. चौथीत गरम: मांसाचे गोळे, छोटी सॉसेजं, यान्सनचा बटाटा (साय आणि खारे मासे घालून भाजलेला). शेवटी चीज, फळं, गोड. आपल्याकडे पानात मीठ कुठे, लिंबू कुठे, चटणी-कोशिंबीर डावीकडे आणि भाजी उजवीकडे हे जसं ठरलेलं, तसाच हा क्रम, फक्त जागेऐवजी वेळेत मांडलेला.

क्रम हा नखरा नाही, त्याला कारण आहे. हेरिंगचा आंबटगोड रस ताटलीत पसरला की शेजारच्या साल्मनची चव गेलीच समजा. मिठात मुरलेल्या साल्मनची चव तेलकट, मंद, बडीशेपेसारख्या वासाच्या शेपूच्या अंगाने जाणारी असते. व्हिनेगरचे दोन थेंबही तिला मारायला पुरतात. गरम गोळ्यांचा रस्सा थंड मांसावर आला की चरबी वितळून ताटलीवर तवंग. सगळं एकदम वाढून घेणाऱ्याला पाच पदार्थांची मिळून एकच चव लागते. आणि स्वयंपाकघराच्या बाजूनेही हिशेब आहे: फेऱ्या ठरल्या की थंडाचं टेबल खरंच थंड आणि गरमाचं टेबल साठ अंशांच्या वर ठेवणं जमतं. कोणता पदार्थ कधी संपणार याचा अंदाज बांधता येतो, थोडं थोडं ताजं भरता येतं. बुफेमध्ये अन्न वाया जातं ते बहुतेक वेळा क्रम नसल्यामुळे.

हेरिंगच्या रसाचंच बघा. स्वीडिश घरांत त्याचं प्रमाण पाढ्यासारखं पाठ असतं: एक-दोन-तीन. एक भाग एतिका (तिकडचं कडक व्हिनेगर), दोन भाग साखर, तीन भाग पाणी. उकळून साखर विरघळवायची, पूर्ण गार करायचं, मग रात्रभर पाण्यात ठेवून खारटपणा काढलेल्या खाऱ्या हेरिंगच्या फिती त्यात घालायच्या. सोबत लाल कांद्याच्या चकत्या, गाजर, तमालपत्र, ऑलस्पाइसचे दाणे. निदान एक दिवस, शक्यतो दोन दिवस थंड जागी. इतकं सोपं प्रमाण परदेशात हमखास बिघडतं आणि त्याचं कारण बाटलीवर छापलेलं असतं. एतिका म्हणजे बारा टक्के आम्ल. तीन पट पाणी घातल्यावर द्रवात साधारण तीन टक्के उरतं. भारतात मिळणारं साधं व्हिनेगर चार टक्क्यांच्या आसपास असतं. तेच एक भाग घेऊन तीन भाग पाणी घातलं तर आम्ल एक टक्क्यावर येतं. रस गोड पाण्यासारखा लागतो, मासा लिबलिबीत होतो आणि टिकत तर नाहीच. चार टक्क्यांच्या व्हिनेगरने करायचं तर प्रमाण उलटं धरावं लागतं: तीन भाग व्हिनेगर, एक भाग पाणी, साखर तीच दोन भाग. दुसरी चूक गरम रस ओतण्याची. त्याने मासा वरून शिजतो आणि कडा फाटतात. स्टॉकहोम किंवा गोथेनबर्गमध्ये राहणाऱ्या मराठी मंडळींना आणखी एक खड्डा आहे: दुकानात एतिकाच्या शेजारी चोवीस टक्क्यांची बाटलीही उभी असते.

असली मापं लिहून ठेवण्याला व्रेटमान यांच्या कामात मोठी जागा होती. १९५८ मध्ये स्वीडिश गॅस्ट्रोनॉमी अकादमी स्थापन झाली, तिच्या संस्थापकांत ते होते. १९६७ मध्ये त्यांनी हुसमान्सकॉस्टवर पुस्तक काढलं. त्याआधी स्वयंपाकाची पुस्तकं नव्हती असं नाही. कायसा वार्ग यांचं पुस्तक १७५५ चं आणि डॉक्टर हागडाल यांचं १८७९ चं. पण लिहिणारा मनुष्य स्वतः राजधानीतलं सर्वांत महागडं दालन चालवतो आणि तोच सांगतो की वाटाण्याच्या सूपलाही बरोबर-चूक असते, याचं वजन वेगळं पडलं.

बरोबर-चूक म्हणजे काय, हे दोन पदार्थ शेजारी ठेवले की कळतं. घरी उरलेलं मांस, उरलेला बटाटा आणि कांदा तुकडे करून एकाच तव्यात परतले की झालं पित्तीपाना, वर अंडं. शिळ्याचा सदुपयोग. तेच तीन घटक घेऊन रेस्टॉरंटचा पदार्थ होतो बीफ रीडबर्ग, स्टॉकहोमच्या जुन्या हॉटेल रीडबर्गच्या नावाचा. चौघांसाठी सहाशे ग्रॅम गोमांस, तेही पाठीकडचं सर्वांत मऊ, आठशे ग्रॅम बटाटा, दोन मोठे कांदे. सगळ्याचे सारखे, दीड सेंटिमीटरचे चौकोन. आणि तिन्ही वेगळे शिजवायचे. बटाटा आधी धुऊन, जेमतेम उकळून, पूर्ण कोरडा करून मग निवळलेल्या लोण्यात मध्यम आचेवर. कांदा लोण्यात मंद आचेवर, बराच वेळ, तांबूस गोड होईपर्यंत. मांस शेवटी, प्रखर तव्यावर, मूठ-मूठभरच. इथेच घात होतो. घाई करून सगळं मांस एकदम टाकलं की तव्याचं तापमान पडतं, मांसाला पाणी सुटतं आणि ते भाजण्याऐवजी उकडतं, करडं पडतं. वाढायचं तेही तीन वेगळ्या ढिगांत, मध्ये कच्चा बलक, बाजूला मोहरी कालवलेली साय. मिसळायचं काम खाणाऱ्याचं. पित्तीपानापेक्षा याचं साहित्य महाग आहे खरं, पण खरी महागाई आहे तीन तव्यांची आणि ते सांभाळणाऱ्या माणसाची.

वॉलेनबर्गारे या खिम्याच्या टिक्कीचंही तसंच. हागडाल यांची मुलगी अमालिया लग्नाने वॉलेनबर्ग या बँकर घराण्यात गेली, तिच्याशी हा पदार्थ जोडला जातो. वासराच्या मांसाचा चारशे ग्रॅम बारीक खिमा, चार बलक, तीन डेसिलिटर (३०० मिली) घट्ट साय, मीठ, पांढरी मिरी. भांडं, खिमा, साय सगळं बर्फासारखं थंड हवं. मीठ आधी खिम्यात, म्हणजे त्यातली प्रथिनं चिकट होऊन साय धरून ठेवतात. मग एकेक बलक, मग धारेने साय. हाताच्या किंवा यंत्राच्या घर्षणाने मिश्रण गरम झालं की चरबी सुटते, आणि एकदा सुटली की तव्यावर टिक्की पाणी सोडून कोरडी होते. बाहेरून लावायचा चुरा कालच्या पांढऱ्या पावाचा, कडा काढलेला, न भाजलेला. भाजलेला चुरा आतलं शिजायच्या आत करपतो. अशा पदार्थाला कोणी गरिबाचं जेवण म्हणणार नाही, पण तो वाढला जातो घरच्याच थाटात, बटाट्याचा लगदा, मटार आणि लिंगनबेरीबरोबर.

यावर आक्षेप आहे आणि तो हसण्यावारी नेण्यासारखा नाही. व्रेटमान यांनी हुसमान्सकॉस्ट जपलं की त्याचं उच्चभ्रूकरण केलं? साय, निवळलेलं लोणी, फ्रेंच पद्धतीची बारीक कापणी हे शेतमजुराच्या घरात कुठलं? त्यांनी निवडलेलं स्वीडन हे बऱ्याच अंशी स्टॉकहोमचं आणि सुखवस्तू घरांचं स्वीडन आहे. उत्तरेच्या सामी लोकांचं रेनडियरवर उभं असलेलं जेवण, उत्तर किनाऱ्यावरचं सूरस्ट्रॉमिंग, म्हणजे आंबवलेलं हेरिंग, यांना ऑपेराशेलारेनच्या झुंबरांखाली मानाची जागा मिळाली नाही. हे सगळं खरं. एखाद्या अन्नाला प्रतिष्ठा देणारा माणूस निवड करतोच, आणि निवडीत ज्यांना जागा मिळत नाही त्यांचं नुकसान होतं. पुढच्या पिढीने ही बाकी काही प्रमाणात फेडली.

पण या आक्षेपाचा पुढचा टप्पा, म्हणजे घरचं जेवण घरातच शुद्ध राहतं आणि हॉटेल ते भ्रष्ट करतं, हा मात्र पटणारा नाही. घर बदलतं. दोघंही कामावर जाणाऱ्या घरात रोज दोन तास वाटाणे शिजणार नाहीत, आणि शिजावेत अशी अपेक्षाही कोणी धरू नये. त्या अपेक्षेचं ओझं शेवटी कोणाच्या पाठीवर पडतं हे सांगायला नको. घर जे सोडून देतं ते दुसऱ्या कोणीतरी पगार घेऊन करावं लागतं, नाहीतर त्याचा कारखान्यातला डबा होतो. तिसरा मार्ग अजून कोणाला सापडलेला नाही. ऑपेराशेलारेनच्याच इमारतीत बाकफिकन नावाची छोटी जागा आहे. तिथे काउंटरवर बसून हुसमान्सकॉस्ट खाता येतं. झुंबरांचं दालन आणि हे काउंटर एका छपराखाली असणं, हा माझ्या मते व्रेटमान यांच्या परंपरेतला सर्वांत शहाणा भाग आहे. मोठ्या दालनाची शिस्त आणि माल छोट्या जागेला मिळतो, आणि छोट्या जागेच्या रोजच्या गिऱ्हाइकामुळे स्वयंपाकघराचा हात चालू राहतो.

आता त्या प्रसिद्ध टोस्टकडे येऊ. पन्नासच्या दशकातला पदार्थ. नाव डेन्मार्कच्या उत्तर टोकावरच्या स्कागेन गावाचं. शिडाच्या होड्यांच्या शर्यतीत हाताशी होतं त्यातून जुळवला अशी गोष्ट सांगतात. गोष्ट कशीही असो, पदार्थाची रचना चोख आहे. थंड समुद्रातली छोटी कोळंबी, जी बोटीवरच समुद्राच्या पाण्यात उकडून येते. ती हाताने सोलायची. पुन्हा आचेवर ठेवायची नाही, ठेवली की रबर. चौघांसाठी न सोललेली एक किलो घेतली तर सोलून साडेतीनशे ते चारशे ग्रॅम भरते. त्याला फार तर एक डेसिलिटर मेयोनेज, म्हणजे कोळंबी एकमेकीला धरून राहील इतकंच, बुडेल इतकं नाही. भरपूर चिरलेला शेपू, थोडा लिंबू. पाव टोस्टरमधून काढायचा नाही, लोण्यात तळायचा. तळलेल्या पावावर लोण्याचा थर असतो, त्यामुळे ओल आत लवकर शिरत नाही. वर उत्तर स्वीडनमधल्या कालिक्सची लोयरोम, म्हणजे एका छोट्या माशाची नारिंगी अंडी. मिश्रण आयत्या वेळी करायचं, कारण मीठ आणि लिंबू लागले की अर्ध्या-पाऊण तासात कोळंबी पाणी सोडते, मेयोनेज पातळ होतं आणि पाव भिजतो.

आणि आज? 'स्कागेन मिश्रण' स्वीडनच्या कुठल्याही सुपरमार्केटात प्लॅस्टिकच्या डब्यात मिळतं. त्यात कोळंबी नावाला, बाकी माशाच्या पिठापासून केलेल्या खेकड्यासारख्या कांड्यांचे तुकडे आणि मेयोनेज. भाजलेल्या बटाट्यावर हा गोळा थापून विकतात. कोळंबी वापरली तरी ती मिठाच्या पाण्यातली, डब्यातून काढलेली. पिळून कोरडी केली नाही तर सगळा पदार्थ पाणी-पाणी. एखाद्या पदार्थाचं नाव सर्वतोमुखी होणं म्हणजे तो जगणं नव्हे, याचं हे उत्तम उदाहरण. गंमत म्हणजे यातल्या एका घटकाला पूर्ण कायदेशीर संरक्षण आहे. कालिक्स लोयरोमला २०१० मध्ये युरोपीय संघाचं उगमस्थानाचं मानांकन मिळालं, असं मानांकन मिळवणारा स्वीडनचा तो पहिला पदार्थ. बॉथनियाच्या आखातातलं कमी खारं पाणी, शरदातली काही आठवड्यांचीच मासेमारी, हाताने पिळून काढलेली अंडी, या सगळ्याला कागद आहे. फायदाही आहे: मच्छीमाराला भाव मिळतो. पण ज्या टोस्टवर ती अंडी शोभून दिसतात, त्याला मानांकन वाचवू शकत नाही. मानांकन मालाला मिळतं, कृतीला नाही. कोळंबी कोणी, किती वेळ बसून सोलली, हे लेबलवर येत नाही.

इथे थोडा हिशेब मांडावाच लागतो. सराईत हाताला एक किलो कोळंबी सोलायला वीस मिनिटं धरा. चार टोस्टमागे वीस मिनिटं, म्हणजे एका टोस्टमागे पाच. त्यात मेयोनेज फेटणं, शेपू निवडणं, पाव तळणं. स्वीडनसारख्या देशात, जिथे पगार आणि त्यावरचे मालकाचे कर मिळून माणसाचा तास महाग आहे, तिथे हा टोस्ट स्वस्त होऊच शकत नाही. डबा उघडून थापलेला टोस्ट स्वस्त होतो. दोन्ही एकाच नावाने विकले जातात आणि गिऱ्हाईक महागड्याकडे बघून म्हणतं, लुटतात. हा अन्याय भावनेने सुटत नाही. २०१२ मध्ये स्वीडनने रेस्टॉरंटच्या जेवणावरचा मूल्यवर्धित कर २५ वरून १२ टक्क्यांवर आणला. रोजगार वाढावा हे त्यामागचं सांगितलेलं कारण. खाद्यसंस्कृतीच्या नावाने त्याचा उत्सव कोणी केला नाही. माझ्या मते मात्र कोळंबी सोलणाऱ्या हातासाठी गेल्या काही दशकांत सरकारने केलेली ही सर्वांत उपयोगी गोष्ट. त्याआधी चारच वर्षांपूर्वी, २००८ मध्ये, 'स्वीडन, खाद्यसंस्कृतीचा नवा देश' अशा धाटणीची सरकारी मोहीम निघाली होती. पर्यटन, निर्यात, स्थानिक उत्पादन, सार्वजनिक जेवण असं सगळं तिच्यात होतं. अशा मोहिमांत घोषणा नेहमी पदार्थांच्या होतात, मजुरीच्या होत नाहीत.

व्रेटमान यांच्यानंतरची पिढी जगात गाजली. माथियास डालग्रेन यांनी १९९७ मध्ये बोक्यूज द'ऑर ही आचाऱ्यांची जागतिक स्पर्धा जिंकली. २००४ मध्ये कोपनहेगनला नव्या नॉर्डिक स्वयंपाकाचा जाहीरनामा निघाला, त्यावर स्वीडनकडून त्यांची सही आहे. यम्टलँडच्या रानात माग्नुस निल्सन यांनी फेविकेन हे रेस्टॉरंट चालवलं, जगभरातून लोक तिथे जेवायला गेले आणि २०१९ च्या डिसेंबरात त्यांनी ते स्वतःहून बंद केलं. या मंडळींनी उत्तरेकडे आणि रानाकडे नजर वळवली. व्रेटमान यांच्याकडून राहून गेलेलं बरंचसं त्यांनी भरून काढलं. पण मोजक्या खुर्च्या आणि महिनोन्महिने आधीचं आरक्षण असलेल्या जागेतून सामान्य माणसाचं दुपारचं जेवण सुधारायला फार वेळ लागतो. व्रेटमान यांच्या दालनांत शेकडो माणसं रोज जेवत आणि त्यातून बाहेर पडणारे आचारी, वाढपी दुसरीकडे कामाला लागत. प्रतिष्ठा आणि प्रशिक्षण एकाच जागी मिळण्याचा हा काळ होता.

म्हणून आज हुसमान्सकॉस्टची खरी कसोटी लागते ती शाळांच्या स्वयंपाकघरात. स्वीडनमध्ये १९४६ पासून शाळेच्या जेवणाला सरकारी अनुदान सुरू झालं. सक्तीच्या शिक्षणातल्या मुलांना दुपारचं जेवण फुकट मिळतं आणि २०११ पासून ते पौष्टिक असलंच पाहिजे असं कायदा सांगतो. 'पौष्टिक' तपासता येतं, तक्ते भरता येतात. 'नीट शिजलेलं' असं कायद्यात कुठे नाही.

गुरुवारचं पिवळ्या वाटाण्याचं सूप घ्या, सोबत पॅनकेक. अर्धा किलो सुके वाटाणे बारा तास भिजत, मग दीड-दोन लिटर ताज्या पाण्यात खारवलेल्या डुकराच्या मांसाबरोबर दीड ते दोन तास. वर येणारी सालं आणि फेस काढत राहायचं. कांदा, थाइम, मार्जोरम. मीठ शेवटी, चाखून, कारण मांसातून किती उतरेल ते आधी कळत नाही. मोहरी वाटीत वेगळी. वाटाणे जुने असतील किंवा पाणी फार जड असेल तर चार तासांनीही दाणा टणकच राहतो, मग स्वयंपाकी सोडा टाकतो आणि सूपला साबणाची चव येते. ही झाली चुलीवरची गोष्ट. खर्च वाचवायला नगरपालिका एकाच मध्यवर्ती स्वयंपाकघरात सूप करून, झपाट्याने गार करून, शाळाशाळांत पाठवतात तेव्हा वेगळंच संकट येतं. थंडीत वाटाण्याचा स्टार्च घट्ट होतो, पिठलं गोठल्यासारखा गोळा बनतो. शाळेत तो गरम करताना तळाशी लागतो आणि मधोमध थंड. तिथे पाणी किती घालायचं, किती वेळ ढवळायचं हे कळणारा माणूस लागतो. बऱ्याचदा तिथे असतो तो फक्त वाढणारा, ज्याला चवीत हात घालायची परवानगी नसते. सूप परत जातं, कचऱ्यात वजन होतं आणि पुढच्या बैठकीत निष्कर्ष निघतो की मुलांना पारंपरिक जेवण आवडत नाही.

हा निष्कर्ष काढण्याआधी निविदेत तीन ओळी घालून बघायला हरकत नाही. वाटाणे कोणत्या हंगामाचे हे पुरवठादाराने लिहून द्यावं. सूप वाढण्याच्या जागीच, त्याच दिवशी शिजावं. आणि जागेवर शिकलेला स्वयंपाकी असावा, ज्याला मीठ-पाण्याचा निर्णय घ्यायचा अधिकार आहे. पहिल्या ओळीला जवळपास काही खर्च नाही. दुसरीला भांडी आणि जागा लागते. तिसरीला दर महिन्याचा पगार लागतो, आणि अंदाजपत्रकात पहिली काट बसते ती नेमकी तिच्यावर.